होटगीच्या वाटेवरील तांबट

सोलापुराहून आग्नेयीस जाणाऱ्या लोहमार्गावर टिकेकरवाडी मागें पडली कीं होटगीचें जंक्शन येतें. मुख्य मार्ग सरळ कलबुर्गीकडे जातो आणि एक फांटा दक्षिणेस विजापूर-गदगाकडे वळतो. एके काळीं या फांट्याचे रूळ मीटरगेज होते. त्यामुळें विजापूरचा उतारू येथें गाडी बदलण्यासाठीं सामानसुमान घेऊन खोळंबून बसे. आतां रूळ रुंद झाले, गाड्या थेट जाऊं लागल्या आणि होटगीस मुद्दाम उतरणारे थोडेच उरले. फलाटावर मराठीच्या जोडीनें कानडी ऐकूं येते, गांवीं वीरशैवांचा बृहन्मठ आहे, तळ्यावर हिवाळ्यांत पाणपक्षी उतरतात. एवढें सांगितलें कीं होटगीचें वर्णन संपलें, असें बहुतेकांस वाटतें. आम्हांस मात्र येथील एका चिमुकल्या रहिवाशाची ओळख वाचकांस करून द्यावयाची आहे.

हा मुलूख मूळचा माळरानाचा. काळी जमीन, ज्वारीचीं शेतें आणि मधून मधून बोरी-बाभळी. पक्ष्यांत या जिल्ह्याचें नांव झालें तें नान्नजच्या माळढोकामुळें. तो तर गवतांत चालणारा, मातकट रंगाचा. अशा रुक्ष प्रदेशांत केवळ झाडावर राहणारा आणि फळांवर जगणारा रंगीत पक्षी असेल, असें कोणाच्या ध्यानींमनींहि येत नाहीं. परंतु माघ सरून ऊन तापूं लागलें कीं पारावरच्या वडांतून ‘टुक्, टुक्, टुक्’ असा एकसुरी नाद सुरू होतो. पुण्याच्या तांबट आळींत ज्यांनीं हंड्याघागरींवरील हातोड्यांचे ठोके ऐकले आहेत, त्यांस या पक्ष्याचें ‘तांबट’ हें नांव समजावून सांगावयास नको.

पक्षी चिमणीहून थोडासाच मोठा, अंगानें गुटगुटीत, शेपटीनें आंखूड. पाठ हिरवी, कपाळावर कुंकवाचा मळवट भरल्यासारखा तांबडा डाग, डोळ्यांभोंवतीं व गळ्याला पिंवळा रंग आणि छातीवर पुन्हा तांबडा पट्टा. चोंच जाड असून तिच्या मुळाशीं राठ केस असतात. ओरडतांना चोंच मिटलेलीच असते. फुगतो तो गळा. प्रत्येक ठोक्यास मान हलते व तो तोंडाची दिशाहि बदलतो. म्हणून आवाज नेमका कोठून येतो, हें चटकन् उमगत नाहीं. जमिनीवर तो सहसा उतरत नाहीं.

याचें गोत्र फार दूरवर पसरलेलें आहे. सिंहलद्वीप, सुमात्रा, जावा येथपासून फिलिपाईन्स बेटांपर्यंत हा आढळतो. त्याचें शास्त्रीय नामकरण १७७६ सालीं झालें, तेंहि फिलिपाईन्समधील पक्ष्यावरून. जावा बेटांत त्याच्या चेहऱ्यावरील पिंवळ्या रंगाची जागा तांबड्यानें घेतली आहे. सिंहलद्वीपांत पिंवळ्या कपाळाचा त्याचा एक भाऊबंद आहे. तो मात्र त्या बेटाबाहेर जगांत कोठेंहि नाहीं. तेथील ओली, हिरवीगार झाडी सोडून तो जात नाहीं. मग आपला तांबट या कोरड्या मुलुखांत तरला कसा?

याचें उत्तर वड, पिंपळ आणि उंबर या तीन वृक्षांत आहे. हीं झाडें एकाच हंगामांत सारीं फळत नाहींत. एकाचीं फळें सरतात तों दुसऱ्याचीं पिकतात. म्हणून रणरणत्या वैशाखांतहि तांबटास कोठें ना कोठें अन्न मिळतें. आणि हें ऋण तो फेडतोहि. फळांतील बारीक बिया त्याच्या पोटांतून अभंग बाहेर पडतात व दूरच्या खोडाच्या बेचक्यांत, विहिरीच्या कांठावर, वाड्याच्या भिंतींत रुजतात. तांबट, कोकीळ, बुलबुल, साळुंकी हे सारे असे बिनपगारी माळी आहेत. हरियाल, म्हणजे आपला राज्यपक्षी, हाहि त्याच वडावर मेजवानीस येतो. पण त्याच्या पोटांत पुष्कळ बिया भरडल्या जातात. मुंडकोपनिषदांत एकाच वृक्षावरील दोन पक्ष्यांचें रूपक आहे. त्यांत फळ खाणारा तो बद्ध जीव, असें आम्हीं शिकलों व शिकविलें. तांबट पाहिल्यावर मनांत येतें, फळ खाणारा हा पक्षी नसता तर तो पिंपळ तरी तेथें उगवला असता काय? आपल्या घरच्या लेकीसुना ज्येष्ठी पौर्णिमेस ज्या वडाला सूत गुंडाळतात, त्याचें बीं अनेक वेळां कोणा माणसानें नव्हे, अशाच एका पक्ष्यानें टाकलेलें असतें.

परंतु तांबटाची गरज केवळ फळांनीं भागत नाहीं. त्याचें घरटें म्हणजे वाळलेल्या फांदींत स्वतःच्या चोंचीनें कोरलेली ढोली. तिचें वाटोळें दार बहुधा फांदीच्या खालच्या अंगास असतें. आंत मादी तीन-चार पांढरीं अंडीं घालते आणि नर-मादी दोघेंहि तीं आळीपाळीनें उबवितात. रात्रीच्या निवाऱ्यासहि अशाच ढोल्या कामीं येतात. म्हणून जुनें झाड आणि त्यावरील वाळकी फांदी हीं दोन्हीं त्याला हवींत. रस्ते रुंद करतांना दुतर्फाचे जुने वड पाडले जातात आणि बदली म्हणून रोपें लावलीं जातात. रोप लावणें चांगलेंच. पण त्या रोपाला फळ येण्यास आणि त्याची फांदी वाळून पोखरण्याजोगी होण्यास जितकीं वर्षें लागतात, तितकीं वर्षें तांबटानें कोठें जावें?

आपल्या परसांत किंवा मळ्यांत जुना उंबर असेल आणि त्याची एखादी वाळकी फांदी कोणाच्या डोक्यावर पडण्याजोगी नसेल, तर ती केवळ दिसावयास बरी नाहीं म्हणून तोडूं नये. तोडणें भागच असेल, तर आधीं घरांतील मुलांना खालीं उभें करून फांदीच्या खालच्या अंगास रुपयाएवढें वाटोळें भोंक आहे काय, तें पाहावयास सांगावें. भोंक असलें तर पावसाळा लागेपर्यंत कुऱ्हाड बाजूस ठेवावी.