जाहीरनाम्यातला आकडा

लिलाव झाला की माणूस माझ्याकडे येतो. त्याआधी सहसा येत नाही.

शेवगावच्या दिवाणी न्यायालयात मी दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची, कामे चालवतो. नाथसागर जलाशयाच्या काठच्या गावातला एक शेतकरी काही वर्षांपूर्वी असाच आला. हातउसन्या पैशांच्या दाव्यात हुकूमनामा झाला होता, जमीन लिलावात गेली होती. ‘‘वकीलसाहेब, विहीर धरलीच नाही हो त्यांनी,’’ एवढेच तो पुन्हा पुन्हा म्हणत होता. सातबाऱ्यावर जमीन जिरायत. प्रत्यक्षात विहीर, मोटार आणि उभा ऊस. लिलावाच्या जाहीरनाम्यात धनकोने दिलेली जिरायतीची किंमत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मधल्या नियम ६६ ची, किमतीबाबतची नोटीस त्याने सही करून घेतली होती. घरात मात्र कुणाला सांगितली नव्हती.

ही लाज मी ओळखतो, आणि ती किती महागात पडते तेही. संहितेच्या १९७६ च्या दुरुस्तीनंतर न्यायालयाने स्वतः किंमत ठरवून जाहीरनाम्यात घालावी असे बंधन नाही. पक्षकारांनी दिलेली किंमत मात्र घालावी लागते. ऋणको गप्प बसला की कागदावर धनकोचाच आकडा उरतो. पुढे नियम ९० खाली लिलाव रद्द करून मागायचा, तर गंभीर अनियमितता किंवा लबाडी दाखवावी लागते, शिवाय तिच्यामुळेच मोठे नुकसान झाले हेही. नुसती कमी किंमत पुरत नाही. आणि जाहीरनामा तयार होईपर्यंत जी हरकत घेता आली असती, ती नंतर ऐकलीच जात नाही. किमतीचे भांडण नोटीस हाती पडते त्या दिवशीच सुरू करायचे असते.

भांडायचे कशाच्या जोरावर? रेडी रेकनर मुद्रांक शुल्कासाठी असतो. बांध ओलांडला की बदलणारे पाणी त्याला दिसत नाही. मी पक्षकाराला वीजबिल, विहिरीतल्या हिश्शाचा कागद आणि शेजारच्या गटांची अलीकडची खरेदीखते आणायला सांगतो. आणखी एक मुद्दा आमच्यातले वकीलही विसरतात: नियम ६४. देणे फिटेल तेवढाच तुकडा विकायचा. अंबाटी नरसय्या खटल्यात सुमारे २,४०० रुपयांसाठी १० एकर जमीन १७,००० रुपयांना विकली गेली होती. १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती विक्री टिकू दिली नाही.

आमच्या नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्याला हे दुखणे जुने आहे. हुकूमनामा घ्यायचा आणि जमीन स्वतःच स्वस्तात घ्यायची, ही सावकारी रीत होती. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात सावकारांविरुद्ध दंगा पेटला, तो आपल्या जिल्ह्यातही पसरला. लोकांनी रोखे, हुकूमनामे जाळले. १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी आला. खास गहाण नसलेली शेतकऱ्याची जमीन हुकूमनाम्यात विकायला त्याने बंदी केली. आज धनकोला बोली लावायची तर आधी न्यायालयाची परवानगी लागते, त्यामागे हाच अनुभव आहे असे मी मानतो.

त्या शेतकऱ्याकडे एकच वाट उरली होती, नियम ८९. लिलावापासून ६० दिवसांत सगळे देणे भरायचे, वर खरेदीदाराला बोलीच्या पाच टक्के. भावांनी आणि जावयाने रक्कम जमवली, मुदतीत भरली, जमीन वाचली. पाच टक्क्यांसाठी त्याने विहिरीवरची मोटार विकली.