घारापुरी : हत्ती गेला, नाव राहिलं

मैत्रिणींनो, गावाला नाव कशावरून पडतं? आपल्या पिंपरीला पिंपरीच्या झाडावरून, चिंचवडला चिंच आणि वडावरून, असं जुनी माणसं सांगतात. आता तिथं कारखान्यांच्या भिंती आहेत. झाडं शोधावी लागतात. पण मुंबईच्या समुद्रात एक डोंगराळ बेट असं आहे, की त्याला जगभर ज्या हत्तीच्या नावानं ओळखतात, तो हत्तीच बेटावर नाही!

हे बेट म्हणजे घारापुरी. मुंबईला खेटून असलं तरी ते रायगड जिल्ह्यात, उरण तालुक्यात मोडतं. १५३४ मध्ये हा मुलूख पोर्तुगीजांच्या हाती गेला. धक्क्याजवळ त्यांना काळ्या दगडाचा एक भला मोठा हत्ती दिसला, म्हणून त्यांनी बेटाला ‘एलिफंटा’ म्हटलं. पुढे १८१४ मध्ये हत्तीचं डोकं आणि मान ढासळली. १८६४ मध्ये इंग्रजांनी तो विलायतेला न्यायचा घाट घातला, तर उचलताना यारीच तुटली आणि हत्तीचे तुकडे झाले. ते तुकडे मुंबईत भायखळ्याला आणले गेले आणि १९१४ च्या सुमाराला पुन्हा जुळवले. राणीच्या बागेत मुलांना पेंग्विन दाखवायला नेलंत, तर शेजारच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाबाहेर तो हत्ती उभा आहे, तोही दाखवा.

बेटावरची माणसं मात्र घारापुरीच म्हणतात. हा शब्द ‘अग्रहारपुरी’वरून आला असं एक मत आहे. वस्त्यांची नावं तर अगदी घरगुती : शेतबंदर, राजबंदर, मोराबंदर. लग्नानंतर आपलं नाव कागदोपत्री बदलतं, पण माहेरी गेलं की जुन्याच नावानं हाक येते ना? तसंच हे.

आता डोंगराविषयी. बेट म्हणजे दोन टेकड्या आणि मध्ये अरुंद खिंड. उंची दीडशे मीटरच्या आसपास, म्हणजे सह्याद्रीपुढे लिंबूटिंबूच. पश्चिमेच्या टेकडीत शिवाची लेणी, पूर्वेच्या टेकडीवर बौद्ध स्तूप. गंमत म्हणजे बेटाचा आकार रोज बदलतो. भरतीला ते सुमारे १० चौरस किलोमीटर असतं आणि ओहोटीला चिखल, खारफुटी उघडी पडली की १६ पर्यंत पसरतं.

हवा आपल्यासारखी नाही. आपल्याकडे एप्रिलात दुपारी अंग भाजतं, पण पापड दोन उन्हांत कडकडीत वाळतात आणि रात्री जरा बरं वाटतं. तिथं पारा इतका चढत नाही, पण घामानं जीव नकोसा होतो. दुपारनंतर समुद्रावरून वारा सुटतो, तेव्हा कुठं हायसं वाटतं. जमीन लवकर तापते, पाणी सावकाश; तापलेल्या जमिनीवरची हवा वर गेली की तिची जागा घ्यायला समुद्रावरची गार हवा येते, एवढंच त्यामागचं शास्त्र.

पाऊस मुंबईसारखाच, वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या वर. ढग या बुटक्या टेकड्यांना अडत नाहीत. ते पुढे बोरघाट चढतात, लोणावळ्याला चार हजारांहून जास्त रिते होतात आणि मग आकुर्डी-चाकणकडे उरलंसुरलं घेऊन येतात. आपल्या अंगणात पडतो तो या प्रवासातला शिल्लक पाऊस म्हणा ना!

एवढा पाऊस पडूनही बेटावर गोड्या पाण्याचं दुर्भिक्ष. उतार तीव्र, खाली काळा कातळ, त्यामुळं पडेल ते पाणी धावत समुद्राला मिळतं. लेणी खोदणाऱ्यांनी सहाव्या शतकाच्या सुमारालाच हे ओळखून कातळात पाण्याची टाकी खोदून ठेवली. चोहीकडे पाणी आणि बाईच्या नजरेत हंडाभर पाण्याचीच काळजी, हे तिथल्या घरांनी पिढ्यान्‌पिढ्या पाहिलंय.

विजेचं तसंच. समोर रात्रभर मुंबई लखलखतेय आणि इथं संध्याकाळी जनरेटरवर दोन-तीन तास दिवा! फेब्रुवारी २०१८ मध्ये समुद्राच्या तळातून साडेसात किलोमीटर केबल टाकली, तेव्हा घरोघरी वीज आली. फ्रीज, मिक्सर आपल्याला किती सवयीचे; तिथल्या कित्येक सासवांनी सारा संसार पाट्यावरवंट्यावर केला.

जायचं तर हिवाळ्यात जा. सिंहगड एक्सप्रेस पिंपरी-चिंचवडला थांबते. मुंबईला उतरून गेटवेला गेलं की लाँचनं तासाभरात बेट. लाटा असल्या तर मळमळतं, तेव्हा निघताना पोटभर खाऊ नका आणि सोबत लिंबू ठेवा. लाइफ जॅकेट मागून घ्या, लाजू नका. १८ डिसेंबर २०२४ ला याच वाटेवर नौदलाची स्पीडबोट प्रवासी लाँचवर आदळून पंधरा जीव गेले. सोमवारी लेणी बंद असतात. पायऱ्या सव्वाशेच्या घरात, सासूबाईंना दमानं चढवा. माकडं फार धिटाई करतात, पिशवीतले लाडू बाहेर काढू नका. पायऱ्यांवर गावातल्या बायका काकडी, कैरी विकतात. ती त्यांच्याकडूनच घ्या. आणि शेवटच्या लाँचची वेळ उतरल्या उतरल्या विचारून ठेवा, कारण रात्री पाहुण्यांना बेटावर राहता येत नाही.