कानात शिट्टी वाजते का?

वरातीच्या दुसऱ्या दिवशी बार्शीटाकळीत पेशंट हमखास विचारतात, ‘डॉक्टर, कानात शिट्टी वाजते, काय करू?’ माझ्याही कानात ती कित्येक वर्षांपासून आहे.

मुंबईत २००५ मध्ये ‘स्क्राइब’ हा हार्डकोर बँड सुरू झाला. गाणं किंचाळून, पण गंमत आपल्या हिंदी सिनेमातली: २०१० चा अल्बम ‘मार्क ऑफ तेजा’, २०१४ चा ‘हेल मोगॅम्बो’. शिकत असताना मी त्यांना रात्र-रात्र इअरफोनवर पूर्ण आवाजात ऐकलं. चूक बँडची नाही, माझी.

आतल्या कानात केसांसारखे तंतू असलेल्या नाजूक पेशी असतात. त्या एकदा मेल्या की परत येत नाहीत. ८५ डेसिबलचा आवाज दिवसाला ८ तास सोसतो; १०० डेसिबल जेमतेम १५ मिनिटं. डीजेसमोर बरेचदा त्याहून जास्त असतो.

संगीत सोडू नका, मीही सोडलं नाही. स्पीकरपासून लांब राहा, इअरप्लग घाला, मधूनमधून कानांना विश्रांती द्या. आणि एका कानानं अचानक कमी ऐकू आलं, तर ‘मळ असेल’ म्हणून तेल घालत बसू नका. त्याच दिवशी अकोल्याला कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवा.