जरा मोठ्यानं बोल की!

पप्पांचा फोन आला की मी डेस्कवरून उठायचो. आधी लॉबी, मग जिना, मग थेट पार्किंग. कारण सोपं आहे. आमच्या इचलकरंजीत 'हॅलो' हळू म्हणताच येत नाही. पप्पांची तीस वर्षं यंत्रमागावर गेली. खडखडणाऱ्या मागांच्या मधे उभं राहून बोलायचं म्हणजे ओरडायचंच. ती सवय फोनवरही सुटत नाही. 'आरं, जेवलास का?' हा प्रश्न शेजारच्या क्युबिकललाही ऐकू जातो.

त्यात पुण्यात आल्यावर मी 'हाय'चं 'आहे' केलेलं, 'कुठं'चं 'कुठे'. टीममधल्या एकीनं 'तू मूळचा पुण्याचाच ना?' असं विचारलं, तेव्हा मी चक्क खूश झालो होतो. एकदा मीटिंगच्या आधी फोन आला आणि मी म्हणालो, 'पप्पा, जरा हळू बोला ना, लोक ऐकतात.' पलीकडे एकदम शांत. मग 'बरं' म्हणाले आणि ठेवला. त्यानंतर महिनाभर ते फोन मम्मीकडेच द्यायचे.

यात्रेला घरी गेलो, तेव्हा पप्पांना बाइकवर बसवून पट्टणकोडोलीला नेलं. विठ्ठल-बिरदेवाची यात्रा! भंडाऱ्यानं शर्ट, बाइक, मोबाइल, सगळं पिवळंधम्मक. चहा घेताना पप्पा म्हणाले, 'शंकर पाटलांचं गाव हे. ठावं हाय का?'

नाव ऐकलं होतं, बस. मग पप्पांनी सुरुवात केली. 1974 साली इचलकरंजीत साहित्य संमेलन झालं, अध्यक्ष पु. ल. देशपांडे. आजोबांचा हात धरून पप्पा मांडवात जाऊन आले होते. शंकर पाटलांना त्यांनी ऐकलं ते पुढे, कॅसेटवर. मिरासदार, माडगूळकर आणि पाटील, तिघांनी गावोगावी कथाकथन करून हॉलच्या हॉल हसवले.

रात्री मी थोडं शोधलं आणि गारच पडलो. हा माणूस 1926 साली इथं, हातकणंगले तालुक्यात जन्मला. पुढं पुण्यात, आकाशवाणीत आणि मग पाठ्यपुस्तक मंडळात नोकरी. म्हणजे दिवसा मुलांना प्रमाण मराठी शिकवणारी पुस्तकं करायची, आणि कथेत माणसं बोलायला लागली की अस्सल कोल्हापुरी. 'वळीव', 'धिंड', 'खुळ्याची चावडी'. 'टारफुला' ही कादंबरी 1964 ची. टारफुला म्हणजे पिकाच्या मुळांवर जगणारं तण. खमक्या पाटील गेल्यावर गावात सत्तेसाठी काय काय उगवतं, त्याची ही गोष्ट. ऑफिसात बॉस बदलल्यावर काय होतं ते आठवा, लगेच कळेल! त्याच बोलीच्या जोरावर ते 1985 च्या नांदेड संमेलनाचे अध्यक्ष झाले. 1994 मध्ये गेले.

सिनेमेही लिहिले. 'एक गाव बारा भानगडी' आणि 1972 चा व्ही. शांतारामांचा 'पिंजरा'. मुळात जर्मन 'ब्लू एंजल'वरून सुचलेली गोष्ट, पण पडद्यावरचे मास्तर, तमाशा, गाव, सगळं आपल्या मातीतलं वाटतं. त्या रात्री आम्ही दोघांनी तो परत बघितला. टीव्हीचा आवाज अर्थातच फुल. गावाच्या लेखी मास्तर मेलेले. आणि जिवंत मास्तर उभे आहेत स्वतःच्याच खुनाचे आरोपी म्हणून! डॉ. लागूंचा तो चेहरा बघताना मला माझं 'आहे' आणि 'कुठे' आठवलं. इचलकरंजीचा एक पोरगा मीही गुपचूप संपवत आणला होता की.

'पप्पा, त्या दिवशी फोनवर...' मी सुरुवात केली.

'जरा मोठ्यानं बोल की, ऐकाय येत न्हाई,' पप्पा म्हणाले. तेव्हा पहिल्यांदा लक्षात आलं. पप्पा मोठ्यानं बोलतात ते नुसत्या सवयीनं नाही. मागांच्या आवाजानं त्यांचे कान गेलेत. आणि मी त्यांना हळू बोलायला सांगत होतो.

पुढच्या आठवड्यात कानाच्या डॉक्टरांकडे नेलं. आता मशीन लावतात, नको वाटलं की काढूनही ठेवतात.

परवा दुपारी फोन आला. मी डेस्कवरच उचलला आणि म्हणालो, 'व्हय पप्पा, जेवलो! तुम्ही जेवलासा का?' आख्खा फ्लोर वळून बघायला लागला. शेजारची म्हणाली, 'काय गोड बोलतोस रे, कुठला तू?'

या वीकेंडला मॉलला दांडी मारा आणि 'धिंड' वाचा. मनातल्या मनात नाही, मोठ्यानं!