डहाणूचा हॉटडॉग आणि मेक्सिकोचे जुने ऋण

मेक्सिकोतील सोनोराच्या रस्त्यांवरचा हॉटडॉग म्हणजे बेकन गुंडाळलेले सॉसेज, राजमा, टोमॅटो आणि मिरची. डहाणूत तो घरी करायचा, तर परके असे सॉसेज आणि बेकनच. मिरची सोळाव्या शतकात पोर्तुगीजांसह भारतात आली. 'पाव' हा शब्दही त्यांचाच. १७३९ मध्ये मराठ्यांनी जिंकेपर्यंत डहाणूवर त्यांचाच अंमल होता.

वर गोड म्हणून चिकू खावा, तर तोही मूळचा तिकडचाच. 'चिकोसापोते' या नावाचा 'चिकू' झाला. गंमत अशी, की २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले ते 'डहाणू घोलवड चिकू'ला!

मात्र या मातीत राबणाऱ्या वारल्यांचे नाव त्या फळावर नाही. १९४५ मध्ये तलासरीतील झरी गावच्या सभेत त्यांनीच वेठबिगार करण्यास नकार दिला होता.