शीर्षकपृष्ठावर नसलेले गाव

ग्रंथाच्या शीर्षकपृष्ठावर अगदी तळाशी प्रकाशनस्थळ आणि वर्ष छापलेले असते. वाचकाची नजर तिथे सहसा थांबत नाही. परंतु देशोधडीला लागलेल्या एखाद्या विद्वानाचे ग्रंथ कालक्रमाने मांडले, तर तळाच्या या ओळीच त्याचे चरित्र सांगू लागतात. जर्मन भौतिकशास्त्रज्ञ मॅक्स बॉर्न (१८८२–१९७०) यांचे ग्रंथ असे लावून पाहिले की बर्लिन, लंडन, ऑक्सफर्ड, न्यूयॉर्क अशी नावे ओळीने येतात. ज्या गावी त्यांना स्थायिक करण्याचा प्रयत्न झाला, त्या बंगळूरचे नाव मात्र त्यांत नाही.

बॉर्न ज्या परंपरेत वाढले, तिने विज्ञान आणि साहित्य यांच्यात भिंत घातली नव्हती. ग्योटेने काव्याइतकाच जीव ओतून १८१० साली रंगांवर ग्रंथ लिहिला. हेल्महोल्ट्झने १८६३ साली ध्वनीचे भौतिकशास्त्र मांडताना संगीताचाही विचार केला. बॉर्न स्वतः उत्तम पियानो वाजवीत, आणि बर्लिनमध्ये आइन्स्टाइनच्या व्हायोलिनला त्यांची साथ असे. सापेक्षतावादावरचा त्यांचा १९२० सालचा ग्रंथ फ्रँकफुर्टच्या सामान्य श्रोत्यांपुढे दिलेल्या व्याख्यानांतून उतरला. १९३३ साली प्रकाशशास्त्रावरचा त्यांचा ग्रंथ बर्लिनमध्ये निघाला, आणि त्याच वर्षी ज्यू असल्याच्या कारणावरून गटिंगेन विद्यापीठातील त्यांचे अध्यापन संपुष्टात आले. पुढे युद्धकाळात अमेरिकेने याच ग्रंथाचे हक्क शत्रूची मालमत्ता म्हणून ताब्यात घेतले. मायदेशाने ज्याला परका ठरवले, त्याचे पुस्तक परदेशाने त्याच मायदेशाच्या खाती टाकले!

केंब्रिजमधील तात्पुरती नेमणूक संपत आली असता बंगळूरहून निमंत्रण आले. टाटांच्या देणगीतून उभ्या राहिलेल्या भारतीय विज्ञान संस्थेच्या संचालकपदी १९३३ पासून चंद्रशेखर वेंकट रामन होते. आपल्या घडणीत वाटा असलेल्या मोजक्या ग्रंथांत हेल्महोल्ट्झच्या ध्वनिविषयक ग्रंथाची गणना त्यांनी केली आहे. पाहुणा कोणत्या कुळातला आहे, हे ओळखण्याची दृष्टी यजमानापाशी होती. १९३५ च्या शरद ऋतूत बॉर्न पत्नी हेडविग यांच्यासह आले आणि सुमारे सहा महिने राहिले. त्यांनी व्याख्याने दिली; नागेंद्र नाथ या तरुण संशोधकाबरोबर प्रकाशाच्या न्यूट्रिनो-सिद्धांतावर लेखन केले. ते रामन यांनी १९३४ साली बंगळुरातच स्थापलेल्या विज्ञान अकादमीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. बॉर्न यांच्या लेखनावर या गावाची मुद्रा उमटली ती एवढीच.

रामन यांना त्यांच्यासाठी कायमचे प्राध्यापकपद हवे होते. परंतु संस्थेच्या सभेत एका इंग्रज प्राध्यापकाने, बॉर्न यांच्या देखतच, स्वदेशाने हाकललेला हा दुय्यम परकीय आम्हांला नको, अशा आशयाचे भाषण केले. हा घाव बॉर्न यांनी आपल्या आठवणींत नोंदवून ठेवला आहे. पद मिळाले नाही. मॉस्कोला जावे काय, याचाही विचार त्यांनी केला. अखेर १९३६ साली एडिंबरोचे अध्यासन मिळाले. रामन यांनाही १९३७ साली संचालकपद सोडावे लागले.

या घटनेकडे केवळ एका थोर माणसाचा अपमान म्हणून पाहिले, तर तिचे अर्धेच मोल हाती लागते. १९४० नंतरच्या दशकात स्फटिकांतील अणूंच्या कंपनांवरून रामन आणि बॉर्न यांच्यात तीव्र वाद झाला. भौतिकशास्त्राचा कौल बव्हंशी बॉर्न यांच्या बाजूने पडला. कुन हुआंग यांच्यासह लिहिलेला त्यांचा १९५४ सालचा ग्रंथ आजही त्या विषयातला आधारग्रंथ मानला जातो. हा वाद दोन खंडांतून, छापील कागदांवरून झाला. तो एकाच आवारात, एकाच फळ्यापुढे आणि विद्यार्थ्यांच्या साक्षीने झाला असता तर? बंगळूरने केवळ एक विद्वान गमावला नाही, तर रामन यांना समोरासमोर ‘नाही’ म्हणू शकेल असा तुल्यबळ प्रतिपक्षी गमावला. शिष्य मिळवणे सोपे असते. असा प्रतिपक्षी संस्थेला क्वचितच लाभतो.

१९५४ साली बॉर्न जर्मनीत परतले आणि बाड पिरमाँट या लहानशा गावी राहू लागले. नोबेल पारितोषिक त्याच वर्षीचे. त्यानंतरचे त्यांचे एक काम विलक्षण आहे. चित्रे आणि पद्ये दोन्ही स्वतः रचणाऱ्या विल्हेल्म बुश या जर्मन विनोदकाराची ‘क्लेक्सेल चित्रकारा’ची कथा त्यांनी इंग्रजी पद्यात आणली. हे भाषांतर १९६५ साली न्यूयॉर्कला प्रसिद्ध झाले. ज्या भाषेच्या राज्याने त्यांना घालवले, त्या भाषेतले हसू त्यांनी आश्रयाच्या भाषेला भेट दिले. आइन्स्टाइनशी झालेला पत्रव्यवहार त्यांनी टिपणांसह १९६९ साली जर्मनमध्ये प्रसिद्ध केला. पुढच्याच वर्षी त्यांचा अंत झाला.

ग्रंथालयात या पुस्तकांचे वर्गीकरण होते तेव्हा प्रकाशशास्त्र एका कपाटात जाते, बुश दुसऱ्या आणि पत्रे तिसऱ्या. कपाटे वेगळी असली तरी माणूस एकच होता. अशा अखंड माणसाला ठेवून घ्यायला संस्थेपाशी पैसा आणि इमारत असून भागत नाही. परक्याला आपला म्हणण्याचे धैर्य लागते. ते एका माणसापाशी होते, सभेपाशी नव्हते.