हरवलेल्या साम्राज्याची पोथी

कॉम्प्युटर गेम्स किंवा फँटसी कादंबऱ्यांचा नाद असेल, तर हा प्लॉट तुम्हाला पाठ असेल. एक वैभवशाली साम्राज्य. त्यात एक पवित्र ग्रंथ. मग परचक्र येतं, राजधानी पडते, ग्रंथ नाहीसा होतो. मूठभर शिष्य रानोमाळ होतात, आठवून आठवून तो पुन्हा लिहून काढतात, आणि कोणाच्या हाती लागला तरी वाचता येऊ नये म्हणून गुप्त लिपीत ठेवतात. काही शतकांनी कोणीतरी चिकट अभ्यासक ती लिपी फोडतो...

गंमत म्हणजे हे सगळं आपल्याकडे खरोखर घडलंय. साम्राज्य देवगिरीच्या यादवांचं. ग्रंथ महानुभाव पंथाचा ‘लीळाचरित्र’. आणि त्यातलं एक लोकेशन म्हणजे आमचं मेहकर!

मेहकर म्हटलं की लोकांना शारंगधर बालाजीची भव्य मूर्ती आठवते, फार तर लोणारला जाताना लागणारं गाव म्हणून. पण तेराव्या शतकात चक्रधर स्वामी फिरत फिरत या पैनगंगेकाठच्या गावी आले होते. त्यांच्या शिष्या बोणेबाई त्यांना इथेच भेटल्या. इथून पंचवीसेक किलोमीटरवरच्या लोणारला खुद्द यादव राजा कान्हरदेव त्यांच्या भेटीला आल्याची लीळा आहे. शाळेत ‘मराठीतला आद्य चरित्रग्रंथ, म्हाइंभट’ एवढं एका मार्कासाठी पाठ केलं होतं. त्यात आपलं गाव आहे हे मात्र कोणी सांगितलं नाही.

आता जरा इंजिनियरच्या चष्म्यातून बघू.

स्वामी गेल्यावर १२७८ च्या सुमारास म्हाइंभटांनी आठवणी गोळा करायला घेतल्या. मुख्य आधार नागदेवाचार्य. पण तेवढ्यावर न थांबता ज्याने जे प्रत्यक्ष पाहिलं, ऐकलं, त्याच्याकडे जाऊन ते विचारायचं, ताडून बघायचं, मग लिहायचं. अशा हजाराहून जास्त लीळा जमल्या. भाषा साधी, बोलीतली मराठी. पंडित केशोबास संस्कृतात बोलू-लिहू लागले तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांना अडवलं होतं. संस्कृतात लिहिलंत तर आपल्या म्हाताऱ्या बायाबापड्यांनी काय करायचं, हा त्यांचा मुद्दा. युजर कोण आहे हे इतकं स्पष्ट माहीत असलेला टीम लीड मी तरी पाहिलेला नाही :)

मग चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला दिल्लीच्या फौजांच्या धामधुमीत मूळ पोथी गेली, असं पंथाची परंपरा सांगते. बॅकअप? होता. माणसांच्या डोक्यात. हिराइसा नावाची एक शिष्या एकपाठी होती, म्हणजे एकदा ऐकलं की पाठ. तिने आणि इतरांनी आठवून सांगितलं, आणि त्यातून वेगवेगळे पाठ तयार झाले. इथे खरी गंमत आहे. या लोकांनी एकच ‘अधिकृत’ पाठ ठेवून बाकीचे फेकून दिले नाहीत. अमुक जण असं सांगतो, तमुक जण तसं, हे नावानिशी नोंदवून ठेवलं. आम्ही व्हर्जन कंट्रोल म्हणून ज्याचं कौतुक करतो ते दुसरं काय असतं?

आणि कुलूप? तेही याच शतकातलं. सकळ लिपी हे त्यातलं सगळ्यात प्रसिद्ध. देवनागरी अक्षरांच्या जागी ठरलेली दुसरी अक्षरं नि चिन्हं वापरायची. परंपरेने तिचं श्रेय रवळोबासांना दिलं जातं. पुढे सुंदरी, वज्र, अंक अशा कितीतरी लिप्या निघाल्या. पंथ पंजाबात आणि थेट काबूलपर्यंत पोचला, तिथल्या मठांतही मराठी पोथ्या गेल्या. बाहेरच्याला मात्र त्या वाचता येईनात. विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत राजवाडे, भावे यांच्यामुळे हे साहित्य सर्वांपुढे आलं.

माझ्या डोक्यात नेहमी हाच हिशोब चालतो. कुलपाने पोथी सांभाळली हे खरं. पण त्याच कुलपामुळे मराठी माणसाला आपलंच पहिलं मोठं गद्य साडेपाचशे-सहाशे वर्षं माहीत नव्हतं. ज्या बायाबापड्यांसाठी ते मराठीत लिहिलं, त्यांच्यातल्या पंथाबाहेरच्यांना तर ते असून नसल्यासारखं. मुळात जे वाचलं ते माणसांच्या आठवणीमुळे, आणि कोणी सांगितलं हे प्रामाणिकपणे लिहून ठेवल्यामुळे. कुलूप नंतरचं.

३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आमच्या ऑफिसच्या ग्रुपवर फटाक्यांच्या स्मायलींचा पाऊस पडला. मी मात्र त्या आठवड्यात मेहकरला आजीकडे गेलो आणि फोनचं रेकॉर्डिंग चालू करून बसलो. तिचं वय ८६. घर आमचं महानुभाव नाही, पण गोष्टींचं आहे. तिला म्हटलं, कंचनीच्या महालाची गोष्ट सांग.

“काऊन रे, ते कायले पाह्यजे तुले आता?”

मग सांगितलीच. महालावरून लोणारचा दिवा बघायची हौस असलेली कंचनी आजीच्या गोष्टीत शेवटी दगड होते. शेजारच्या खोलीतून धाकटी आजी ओरडली, “दगड-बिगड काई नाई झाली वो, काम बंद पडलं फक्त!” दोघींचं जुंपलं. पंधरा मिनिटं.

मी दोन्ही शेवट ठेवलेत. फाईलवर दोघींची नावं, तारीख, गाव. कोणाचा शेवट बरोबर हे ठरवायचं काम माझं नाही, म्हाइंभटांनीही असल्या भांडणांत फार न पडता पुढची वाट धरली असेल.

असो. तुमच्या घरीही ऐंशीच्या पुढचं कोणी असेल. या शनिवारी लॅपटॉप बाजूला ठेवून त्यांच्याशेजारी बसा. त्या सर्व्हरला दुसरा बॅकअप नाही.